गोजाआत्याची चाल

फार फार वर्षं झाली या गोष्टीला. किती झाली ते विचारू नका. मोजणारे केव्हाच गेले, आता सांगणारे तेवढे उरलेत. आडखिंडीच्या पायथ्याला तळकोंड नावाचं गाव होतं, ते अजून आहे. गावाच्या वर डोंगर, डोंगराच्या खांद्यावर विखुरलेल्या वाड्या, आणि त्या सगळ्या वाड्यांना मिळून सुईण एकच. तिचं नाव गोजाबाई. पण नावानं हाक मारणारं तिला कुणी राहिलं नव्हतं. लहानथोर सगळे तिला गोजाआत्या म्हणत, कारण त्यातल्या निम्म्याशिम्म्यांना या जगात तिनंच आणलं होतं.

आता सुईण म्हटली की तुम्हाला वाटेल, हिच्या हाताची गोष्ट असणार. हात तिचे गुणाचेच होते, त्याबद्दल कुणाचा वाद नाही. पण मी सांगतोय ती गोष्ट तिच्या पायांची आहे, आणि एका कुत्र्याची.

त्या मुलखात रीत अशी होती की ज्याच्या घरात बाई अडली, त्या घरच्या पुरुषानं खाली येऊन आत्याला बोलवायचं आणि वाट दाखवत पुढं चालायचं. पुरुष पुढं, सुईण मागं. रीत करणाऱ्यानं चांगल्या मनानं केली असेल. पण घरात बायको कळा देत असली की माणूस वाट दाखवत नाही, पळत सुटतो. आणि त्याच्या मागं, गाठोडं काखेत मारून, आत्याही पळायची. उन्हात पळायची, चिखलात पळायची, पायात काटा मोडला तर तो तसाच घेऊन पळायची. पुढं एक पाठ आणि कानावर एकच बोल, "आत्ये, पाय उचल. उचल की गं पाय!"

जाताना असं. येताना? येताना ओटीत खण-नारळ, पदरात शेरभर नाचणी, आणि सोबतीला कुणी नाही. बाळ रडलं, बाळंतीण हसली, की आत्याला उंबऱ्यापर्यंत पोचवून लोक आत वळत. गरज सरो नि वैद्य मरो. आत्या एकटीच डोंगर उतरायची. असं करत करत तिचं सगळं आयुष्य गेलं. नवरा गेला, पोटचं कुणी जगलं नाही, गुडघे झिजले, आणि एक दिवस तिच्या ध्यानात आलं की आपण थकलो. रात्रभर झोपलं की जातो तसला हा थकवा नव्हता. तो हाडात उतरलेला होता, आणि सकाळी तिच्या आधी उठून बसलेला असायचा.

त्याच सुमाराला वरच्या वाडीच्या लुमाची बायको तानू अडली. लुमा आत्याला न्यायला आला. श्रावण होता, खिंडीत धुकं असं की पसरलेल्या हाताची बोटं दिसू नयेत. लुमा पुढं निघाला तो निघालाच. आत्या त्याच्या पाठीकडं बघत चालली होती. मग पाठ अंधुक झाली, मग नुसती पावलं ऐकू येऊ लागली, मग तीही गेली. वाटेला जिथं दोन फाटे फुटतात तिथं ती उभी राहिली आणि तिनं हाक मारली. उत्तर आलं नाही. तिनं एक फाटा धरला, तो चुकीचा निघाला. तो सड्यावर जात होता, त्या उघड्या कातळावर, जिथं गुरंसुद्धा धुक्यात सोडत नाहीत. ती परत फिरून वाडीवर पोचली तेव्हा तानूच्या अंगावर पांघरूण घातलेलं होतं, तोंडापर्यंत.

लुमा ओट्यावर बसला होता. लोकांनी विचारलं तेव्हा तो म्हणाला, "आत्या वाटंत बसली."

आत्यानं ते ऐकलं. ती काही बोलली नाही. भांडायलाही अंगात जोर लागतो, आणि तिच्या अंगात होता नव्हता तो जोर डोंगरानं काढून घेतला होता. ती घरी आली, चूल पेटवली नाही, आणि भिंतीला टेकून रडली. तानूला तिनंच जन्माला आणलं होतं. आपण जरा लवकर पोचलो असतो तर, एवढंच तिच्या मनात पुन्हा पुन्हा येत राहिलं. आपले पाय आता एखादीचा जीव घेतील, ही भीती त्या दिवसापासून तिच्या पोटात बसली ती बसलीच.

पुढं एकदा ती वाडीवरून एकटी उतरताना घसरली आणि लाकूडतोड्यांच्या नजरेला पडेपर्यंत तशीच पडून राहिली. तेव्हा कुठं गावाला जाग आली. चावडीवर माणसं जमली. आत्याला परतीची सोबत कोण करणार, असा प्रश्न निघाला, आणि सगळ्यांना एकदम आपापल्या पायाच्या अंगठ्यात काहीतरी बघण्यासारखं सापडलं. शेवटी पाटील खाकरले. म्हणाले, "माझं कुत्रं ने, आत्ये. वाघरापास्नं राखंल तुला."

सभा खूश झाली. पाटील तर फारच, कारण ते कुत्रं म्हणजे त्यांच्या जिवाला घोर होता. कोंबड्या मारायचं, शेळ्यांच्या मागं लागायचं, पाहुण्यांची धोतरं फाडायचं. नाव काही ठेवलंच नव्हतं त्याचं, लोक त्याला उंडग्या म्हणत. पाटलांचा सुंठीवाचून खोकला गेला. आणि आत्या काय म्हणणार? धर्माची गाय, दात का गं नाय!

उंडग्याच्या गळ्यात दावं बांधून ते तिच्या डाव्या हातात दिलं, कारण उजव्या हातात काठी होती. पहिल्याच हिसक्याला आत्या करवंदीच्या जाळीत गेली. मग कुणी सांगितलं, दावं कमरेला बांध. तिनं बांधलं, तर उंडग्यानं तिला उतारावरून बसल्या बसल्या पार ओढ्यापर्यंत नेलं. खालून लोक बघत होते. "आत्या कुत्र्याला नेतीया का कुत्रं आत्याला?" असं विचारत होते, हसत होते. सुतारानं कनवाळूपणा केला. ओढाळ गुराच्या गळ्यात अडकवतात तसलं लाकडी लोढणं करून त्यानं कुत्र्याच्या गळ्यात घातलं. ते लोढणं कुत्र्याला काही अडवेना, पण चालताना आत्याच्या नडगीवर मात्र टोले घालू लागलं. नाकापेक्षा मोती जड झाला. शहाण्यांनी सांगितलं, मार त्याला काठीनं. आणि म्हाताऱ्यांनी सांगितलं, सोडून दे. कुत्र्याचं शेपूट नळीत घातलं तरी वाकडं ते वाकडंच.

आत्यानं मारलं नाही. तिला दया आली असं काही जण सांगतात. तसं असेलही. पण मारायला हात वर न्यावा लागतो, आणि हाक मारायला दम लागतो, आणि आत्याकडं दोन्ही नव्हतं. एक दिवस कुत्र्यानं दावं ताणलं, कमरेत कळ आली, आणि ती आहे तिथं मटकन खाली बसली.

दावं ताणलेलंच. उंडग्यानं ओढून पाहिलं. म्हातारी हलेना. तो भुंकला, गोल फिरला, मातीत नखं रोवून जोर लावला. आत्या बसलेली. तिला बरंच वाटत होतं. कितीतरी वर्षांत वाटेत अशी ती बसलीच नव्हती. शेवटी कंटाळून कुत्रं मागं आलं आणि तिच्या तोंडाकडं बघू लागलं. दावं सैल पडलं. तेव्हा ती उठली आणि चालू लागली. चार पावलांवर त्यानं पुन्हा ओढलं, ती पुन्हा बसली.

हे नीट ऐका, कारण इथंच लोक चुकतात. तिनं हे कुत्र्याला शिकवायचं म्हणून केलं नाही. ती थकली होती म्हणून बसली. पहिल्या दिवशी त्या दोघांचं गावातलं शेवटचं घरसुद्धा ओलांडून झालं नाही. दुसऱ्या दिवशी पाणवठ्यापर्यंत गेली. ती बसली की कनवटीची भाकरी काढायची, एक तुकडा आपण खायची, एक डाव्या पायाशी ठेवायची. खायला तो तिथं यायचा. आणि दिवसांमागून दिवस गेले तसं उंडग्याच्या डोक्यात उजेड पडला. आपण पुढं गेलो की म्हातारी खाली बसते आणि डोंगर बंद होतो. आपण तिच्या डाव्या टाचेशी राहिलो की डोंगर पुन्हा चालू होतो. कुत्र्याला डोंगर हवा होता. तो टाचेशी राहू लागला.

भात कापणीला आलं तोवर दावं कामातून गेलं. आत्या त्या दाव्यानं सरपण बांधू लागली. ती चालली की तो चालायचा, ती थांबली की तो थांबायचा. तिचा उजवा गुडघा अडखळायचा तेव्हा तोही पाऊल जरासं हवेत धरून ठेवायचा. एकदा समोरून ससा गेला. उंडग्या नखशिखांत थरथरला, पण टाच सोडली नाही. आत्या त्याच्याकडं बघून म्हणाली, "बघ बाबा, नुसतं बघ. मलाबी लई ठिकाणी जावंसं वाटलं हुतं."

सगळ्या जन्मात तिच्या चालीनं तिच्याबरोबर चाललेला तो पहिला जीव. हे तिच्या ध्यानात आलं त्या दिवशी ती वाटेवर बसून खूप रडली, आणि कुत्रं शेजारी बसून राहिलं.

गावाला काही हे खरं वाटेना. पाटलांचं उंडग्या कुत्रं सावलीसारखं चालतं म्हणजे काहीतरी मंत्र असणार! लोक आत्याकडं यायचे, नारळ ठेवायचे, मंत्र मागायचे. ती सांगायची, "थकला की बसा." लोक एकमेकांकडं बघायचे. म्हातारी लपवतेय असं म्हणायचे. कुणीतरी शोध लावला की कुत्रं नेहमी डाव्या बाजूलाच असतं, म्हणजे मंत्र डाव्या वहाणेत आहे. झालं, एका सकाळी आत्याची डावी वहाण दारातून गेली! ज्यानं नेली त्याच्या घरी त्याचं कुत्रं ती वहाण चावून बसलं. आत्या पुढं बरेच दिवस एका पायात वहाण आणि एक पाय अनवाणी अशी चालत होती.

आणि मग अद्भुत गोष्टी होऊ लागल्या. असं म्हणतात, एकदा खिंडीत बिबट्या आडवा आला. आत्या पळाली नाही, पळण्याचा प्रश्नच नव्हता. कुत्र्याच्या मानेवरचे केस उभे राहिले, पण त्यानं टाच सोडली नाही. तशी ती दोघं चालत राहिली. बिबट्यानं थोडा वेळ पाहिलं, मग तो तिच्या उजव्या बाजूला आला आणि तिच्याच चालीनं ओढ्यापर्यंत सोबत आला. खरंखोटं तो बिबट्या जाणे! असंही म्हणतात की ती दोघं चालली की वाट आखूड व्हायची. घाईनं जाणाऱ्याला जी खिंड संपता संपत नाही, ती आत्याला निम्मी लागायची.

पण पोटातली भीती गेली नव्हती. कुत्रं शहाणं झालं म्हणून गुडघे काही नवे झाले नव्हते. घरी चालत येणं निराळं आणि अडलेल्या बाईकडं वेळेवर पोचणं निराळं. कुणी बोलवायला आलं की ती आधी गुडघे चोळून बघायची.

असाच श्रावण आला, आणि वरच्या वाडीची हौसा अडली. हौसा म्हणजे लुमाची दुसरी बायको. लुमा आत्याच्या दारात यायला तयार नव्हता, पण दुसरी सुईण काय झाडाला लागते? अडला हरी गाढवाचे पाय धरी. त्याच्या आईनं त्याला घराबाहेर ढकललं आणि तो दुपारच्याला आत्याच्या अंगणात येऊन उभा राहिला. वर बघेना.

"चल," एवढंच म्हणाला.

खिंडीत धुकं उतरलेलं होतं. लुमा पुढं, आत्या मागं, तिच्या टाचेशी उंडग्या. पहिल्या चढावर गुडघा अडला आणि ती धोंड्यावर बसली. लुमा उलटा फिरला. त्याचं तोंड पांढरं पडलं होतं.

"आत्ये, बसू नकोस! तुझ्या बसण्यानं माझी एक गेली."

आत्यानं त्याच्याकडं पाहिलं. बोलायचं असतं तर तिला तेव्हा बोलता आलं असतं. ती म्हणाली, "बसले न्हाई तर पोचायची न्हाई मी, लुमा. जरा थांब."

"थांबायला येळ हाय व्हय?" असं म्हणून तो निघाला. चार उड्यांत धुक्यानं त्याची पाठ गिळली.

उंडग्या उभा राहिला. पळणारं माणूस म्हणजे कुत्र्याला सशापेक्षाही मोठा मोह. त्यानं तिकडं पाहिलं, आत्याकडं पाहिलं, आणि तो तिच्या डाव्या पायाशी खाली बसला. पुन्हा तसंच होणार, पुन्हा पांघरूण तोंडापर्यंत ओढलेलं असणार, असं तिला वाटलं. उठावंसंच वाटेना. इथंच बसून राहावं, कुणी बोलवायला येऊ नये, कुणी काही म्हणू नये. मग तिला हौसाचं तोंड आठवलं. काठी टेकून ती उठली.

आणि तेव्हा तिच्या लक्षात आलं की समोर कुणाची पाठ नाही, तरी वाट दिसतेय. इतकी वर्षं ती या खिंडीतून पळाली, पण चढताना तिनं बघितल्या होत्या त्या नुसत्या पाठी, आणि थकून उतरताना नुसतं पायाखालचं. वाट तिनं पाहिली ती या कुत्र्याबरोबर बसत उठत चालली तेव्हाच. प्रत्येक धोंड्यावर ती बसली होती. हा मुंग्यांचा धोंडा. हे उंबराचं मूळ, इथं भाकरी खाल्ली होती. हा पाण्याचा आवाज उजव्या अंगाला हवा. ती पायानं चाचपत, बसत, उठत चालली. जिथं दोन फाटे फुटतात तिथं तिनं हात लावून शेवाळलेला दगड ओळखला आणि बरोबर फाटा धरला. असं म्हणतात, त्या दिवशी खिंडीनंच आपले पाय पोटाशी घेतले आणि म्हातारीला वर जाऊ दिलं.

वाडीवर लुमाची आई दारात उभी होती. "लुमा कुटं हाय?"

"म्होरं गेलाय," आत्या म्हणाली. मग दम घेऊन तिनं विचारलं, "आला न्हाई अजून?"

तो आला नव्हता. आत्यानं हात धुतले आणि आत गेली. मूल आडवं होतं. हौसा ओरडून ओरडून गप्प झाली होती. आत्यानं हाताला तेल घेतलं आणि पोटावर हात ठेवला. लुमाची आई म्हणत होती, "लौकर कर, आत्या, लौकर." आत्या घाई करेना. जरा फिरवायची, थांबायची, हौसाला श्वास घेऊ द्यायची, पुन्हा जरा फिरवायची. कळ आली की हात सैल सोडायची, ती गेली की पुन्हा धरायची. खिंड चढताना चालली होती तशीच ती त्या पोटावरून चालत होती. दिवस मावळायच्या आत मूल सरळ झालं, आणि मुलगी जन्मली. मुलगी रडली, हौसा रडली, सासू रडली. आत्या दाराशी येऊन भिंतीला टेकली. ती जुनी भीती सुटली, आणि ती सुटल्यावर अंगात उभं राहण्याइतकंही काही राहिलं नाही.

पण लुमाचा अजून पत्ता नव्हता. त्याची आई दारातून हाका मारत होती. आत्यानं उंडग्याच्या डोक्यावर हात ठेवला. "जा. घिऊन ये त्याला."

कुत्रं चार पावलं पुढं गेलं आणि मागं वळून बघू लागलं, म्हातारी आता बसेल म्हणून. म्हातारी आधीच बसलेली होती. "जा," ती पुन्हा म्हणाली. तेव्हा ते धुक्यात गेलं.

लुमा सड्यावर होता. त्याच फाट्यानं चुकला होता, ज्या फाट्यानं आत्या चुकली होती. पळत सुटला होता, आणि उघड्या कातळावर कडा कुठल्या बाजूला आहे तेही त्याला कळत नव्हतं. ओरडून त्याचा आवाज बसला होता. तेवढ्यात डाव्या पोटरीला काहीतरी ऊन ऊन लागलं. बघतो तर उंडग्या.

लुमाला धीर आला आणि तो पळू लागला. कुत्रं खाली बसलं. दोन उड्यांत लुमा पुन्हा एकटा पडला, समोर धुकं, मागं धुकं. तो चाचपत परत आला. कुत्रं उठलं, टाचेशी आलं, चालू लागलं. लुमा पुन्हा पळाला, कुत्रं पुन्हा बसलं. शिव्या देऊन झाल्या, विनवण्या करून झाल्या. मग लुमा पळायचा थांबला. एकेक पाऊल टाकू लागला, आणि प्रत्येक पावलाला मान वळवून बघू लागला, कुत्रं आहे का मागं, आहे का. असं बघता बघता तो एकदम उभाच राहिला. मागचं कुणी येतंय का ते आपण आयुष्यात पहिल्यांदा वळून बघतोय, हे त्याला त्या कातळावर कळलं. तानूच्या वेळच्या धुक्यात कानावर आलेली हाक त्याला आठवली. ती त्यानं ऐकली होती. ऐकली होती आणि थांबला नव्हता.

असं म्हणतात, आत्यानं एक कुत्रं शिकवलं, आणि त्या कुत्र्यानं सड्यावर एक माणूस शिकवला.

तो घरी आला तो म्हाताऱ्या माणसाच्या चालीनं. मुलगी बघितली, हौसाजवळ बसला, मग बाहेर येऊन आत्याच्या पायाशी बसला.

"आत्ये, तवा तू हाक मारली हुतीस. म्या वळून बघितलं न्हाई. आन् गावाला सांगितलं की तू बसलीस."

"ठावं हाय मला," आत्या डोळे मिटूनच म्हणाली.

"मग बोलली का न्हाईस?"

"दम नव्हता रं."

लुमा लहान पोरासारखा रडला. दुसऱ्या दिवशी तो आत्याला खाली पोचवायला निघाला. तिला परतीला माणसाची सोबत मिळाली ती त्या दिवशी पहिल्यांदा. तिच्या डाव्या बाजूला कुत्रं, आणि कुत्र्याच्या मागं एक पाऊल सोडून लुमा. ती बसली की तो उभा राहायचा. गावात शिरल्यावर लोकांनी विचारलं तेव्हा चावडीपाशी उभं राहून त्यानं सगळं खरं सांगितलं. काहींनी माना खाली घातल्या. पाटलांनी आत्याला नवी वहाण करून दिली. आत्यानं ती घातली आणि घरी जाऊन झोपली. खूप झोपली असं म्हणतात.

पुढं ती बरीच वर्षं जगली. बोलावणं आलं की जायची, आपल्या चालीनं. वाटेतच एका धोंड्यावर बसली असताना ती गेली. कुत्रं शेजारी बसलेलं, त्याचंही तोंड तोवर पांढरं झालेलं. लोकांना वाटलं दोघं विसावा घेताहेत, म्हणून बराच वेळ कुणी जवळ गेलं नाही.

तिची तिरडी उचलली तेव्हा खांदेकरी नेहमीसारखे झपाझप निघाले. उंडग्या वाटेत बसला. बाजूला काढला तर पुढं येऊन बसला. मग लुमा, जो पुढच्या डाव्या खांद्याला होता, तो थबकला आणि सावकाश चालू लागला. कुत्रं उठलं आणि त्याच्या टाचेशी आलं. बाकीच्यांना पाय आवरावे लागले. सगळं तळकोंड आणि सगळ्या वाड्या त्या दिवशी तिच्या चालीनं चालल्या. ओढ्याकाठच्या मसणापर्यंत जायला एरवी कितीसा वेळ लागतो? त्या दिवशी सकाळची दुपार झाली, आणि लोकांचे पाय भरून आले, आणि ती जन्मभर काय करत होती ते तेव्हा त्यांना पायांतून कळलं. आधी कळायला हवं होतं, पण माणसाला उशिराच कळतं, त्याला काय करणार?

कुत्र्याचं पुढं काय झालं ते कुणी पाहिलं नाही. थकलेली बाई खिंडीतून एकटी निघाली की तिच्या डाव्या पोटरीला कसलातरी ऊन श्वास लागतो, असं म्हणतात. मला लागलेला नाही, मी बाई नाही.

पण एक गोष्ट मी डोळ्यांनी पाहिलेली आहे. आडखिंडीत गाडीरस्ता अजून झालेला नाही. सुईणी गेल्या, आता तालुक्याहून नर्सबाई येते. तळकोंडात आणि वाड्यांवर आजही रीत अशी की बोलवायला गेलेला पुरुष तिच्या पुढं चालत नाही. गाठोडं नाही तर पेटी त्यानं घ्यायची, तिच्या डाव्या हाताला एक पाऊल मागं राहायचं, आणि परत तिच्या दारापर्यंत पोचवायचं. याला तिकडं गोजाआत्याची चाल म्हणतात.

यंदा नवी नर्सबाई आली. दिवसभर दुसरीकडं राबून आलेली, डोळे तांबारलेले. वरच्या वाडीचा एक जण तिला न्यायला आला होता, पहिलटकरणीचा नवरा. तिनं विचारलं, "अहो, मागं काय चालताय? पुढं व्हा, वाट दाखवा."

"न्हाई बाई," तो म्हणाला, "तुमी चला."

पहिल्या चढावर तिला धाप लागली. ती ओशाळून म्हणाली, "थोडं बसले तर चालेल का हो?" आणि धोंड्यावर बसली. त्याच्या कपाळाला घाम होता, हातात पेटी होती, वर घरात बायको ओरडत होती. तो डाव्या बाजूला उभा राहिला. ती आपण होऊन उठेपर्यंत त्यानं 'चला' म्हटलं नाही.